गृहकर्जाची खरी किंमत: हप्त्यापलीकडची आकडेमोड

कर्जतकर (धागाकर्ता)

घर घ्यायचं म्हटलं की पहिला प्रश्न ठरलेला. पन्नास लाखांना हप्ता किती बसेल? बिल्डरच्या ऑफिसात बसलेला बँकेचा माणूस मोबाइलवर आकडे टाकून लगेच सांगतो. आपण मनातल्या मनात तो पगारातून वजा करतो, उरलेल्यात भागेल असं वाटलं की सही ठोकतो. या सगळ्यात 'किती वर्षं' हा आकडा फक्त हप्ता बसवायला पुढेमागे सरकवतात. माझ्या मते तोच सगळ्यात महाग आकडा आहे. आणि कर्ज सुरू झाल्यावरही तो तुम्हाला फारसं न विचारता सरकत राहू शकतो.

५० लाख कर्ज, दर ८.५ टक्के. फक्त मुदत बदलून बघा:

१५ वर्षं – हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८.६ लाख
२० वर्षं – हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४.१ लाख
३० वर्षं – हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८.४ लाख

विसावरून तिसावर गेलात तर महिन्याला ४,९४५ रुपये हलकं वाटतं आणि व्याज ३४ लाखांनी वाढतं. विसावरून पंधरावर आलात तर महिन्याला ५,८४६ जास्त जातात आणि साडेपंधरा लाख वाचतात.

आता वीस वर्षांचंच कर्ज उघडून पाहू. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ व्याजाचे, मुद्दलात जातात ७,९७४. पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि मुद्दल अजून ४४ लाख शिल्लक असतं. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, ३५ लाख. मुद्दल अर्ध्यावर यायला १३ वर्षं १० महिने लागतात.

हे झालं दर हलला नाही तर. पण आपली बहुतेक कर्जं फ्लोटिंग, म्हणजे दर बदलत राहणारी. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला (मापदंड दराला), बहुधा रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं कर्ज देते त्याला, बांधलेली असतात. २०२१ मध्ये रेपो ४ टक्के होता आणि सिबिल (कर्जफेडीच्या इतिहासाचा स्कोअर) चांगला असेल तर ६.७५ च्या आसपास कर्ज मिळत होतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं रेपो ६.५ वर नेला. ज्यानं २०२१ मध्ये ६.७५ नं ५० लाख वीस वर्षांसाठी घेतले त्याचा हप्ता होता ३८,०१८. दीड वर्षानंतर शिल्लक ४८.१३ लाख. हिशेब सोपा राहावा म्हणून दर एकदम ९.२५ झाला असं धरू. आता महिन्याचं व्याजच ३७,१०१. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला लागतात ९१७ रुपये! या चालीनं कर्ज फिटायला ४८५ महिने, म्हणजे चाळीस वर्षं. मूळ मुदतीतच संपवायचं तर हप्ता ४५,३४७ करायला हवा होता.

बऱ्याच जणांचा हप्ता त्या काळात बदललाच नाही, किंवा थोडासाच वाढला. 'बरं झालं, आपल्याला झळ बसली नाही' असं समजून लोक गप्प राहिले. झळ मुदतीत बसली होती.

तुमच्या कर्जाचे आज नक्की किती हप्ते उरलेत, हे न बघता किती जणांना सांगता येईल? ॲप उघडून बघा आणि इथे लिहा. सुरुवातीला ठरलेले किती होते तेही लिहा.

---

बोरिवली फास्ट

पाच वर्षांत २६ लाख भरून मुद्दल फक्त ६ लाखांनी कमी? ही तर सरळ लूट आहे. सगळं व्याज आधी वसूल करून घेतात, मग मुद्दल. म्हणूनच आमचे एक साहेब म्हणतात, दहा वर्षांनंतर प्रीपेमेंट करून काही उपयोग नाही, व्याज तोवर देऊन झालेलं असतं.

---

हिशेबनीस

@बोरिवली फास्ट, हा समज इतका पसरलाय की एकदा नीट लिहितो. बँक पुढचं व्याज आधी घेत नाही. त्या महिन्यात जेवढं मुद्दल तुमच्याकडे आहे तेवढ्याचंच त्या महिन्याचं व्याज लागतं, एक रुपया जास्त नाही. सुरुवातीला मुद्दल मोठं म्हणून व्याज मोठं. दहाव्या वर्षी ३५ लाख बाकी असतील तर त्यावर ८.५ नं महिन्याचं २४,७९० व्याज लागतंच आहे. तेव्हा पाच लाख भरलेत तर त्या पाच लाखांवरचं पुढचं सगळं व्याज थांबतं. साहेबांना सांगा, उपयोग पहिल्या दिवशीही आहे आणि पंधराव्या वर्षीही. लवकर भरलं तर जास्त महिन्यांचं व्याज वाचतं, फरक एवढाच.

आणि धागाकर्त्यांशी माझा थोडा वाद आहे. वीस वर्षांच्या कर्जाचं मुद्दल नि व्याज मिळवून '५० लाखांचे १ कोटी ४ लाख भरले' ही बेरीज ऐकायला भयंकर वाटते, पण ती बेरीज चुकीच्या गोष्टींची आहे. आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकत्र मिळवता येत नाहीत. महागाई दर वर्षी ५ टक्के धरली तर ते सगळे हप्ते आजच्या रुपयांत साधारण ६५.७ लाख होतात. म्हणजे कर्जाची खरी किंमत आजच्या भावानं सोळा लाखांच्या आत, चोपन्न नव्हे. पगाराच्या बाजूनंही बघा. आज हातात एक लाख येत असतील तर ४३ हजारांचा हप्ता म्हणजे जीव मेटाकुटीला. पगार वर्षाला ७ टक्क्यांनी वाढत गेला तर दहा वर्षांनी तोच हप्ता पगाराच्या २२ टक्के.

---

कर्जतकर

@हिशेबनीस, बेरजेबद्दल मान्य, म्हणूनच मी कोटीचा आकडा मथळ्यात टाकला नाही. पण तुमचं गणित उभं आहे दोन गृहीतकांवर: पगार दर वर्षी वाढणार आणि मुदत वीसचीच राहणार. आयटीतल्या माणसाला पंचेचाळिशीनंतर सात टक्के वाढ कोण कबूल करतं? आणि मुदत २४० वरून ३०० झाली की आजच्या रुपयांतली किंमतही वाढतेच.

---

माधवी_सांगली

मुदतीचं म्हणाल तर आमच्याकडे ताजं उदाहरण आहे. यजमान राज्य सरकारी नोकरीत, निवृत्ती ५८ ला. कर्ज ३८ व्या वर्षी घेतलं ते मुद्दाम वीस वर्षांचं, म्हणजे निवृत्ती आणि शेवटचा हप्ता एकाच वर्षी. गेल्या दिवाळीत टॅक्सच्या कामासाठी व्याजाचा दाखला काढला, त्यावर एका कोपऱ्यात शेवटच्या हप्त्याची तारीख छापलेली. ते तेव्हा ६३ वर्षांचे असतील. हप्ता मात्र सुरुवातीपासून जवळपास तोच. मेसेज आला होता म्हणे, 'युवर लोन टेनर हॅज बीन रिवाइज्ड', पण असले मेसेज दिवसाला पंधरा येतात. पेन्शनमधून पाच वर्षं हप्ते भरायचे, हे आम्हाला कुणी समोर बसवून सांगितलं नव्हतं.

शाखेत गेलो तर म्हणाले, वाढवता येईल हप्ता, अर्ज द्या. अर्ज दिल्यावर कळलं की खात्यातून हप्ता कापायच्या मँडेटवर कमाल रकमेची मर्यादा आहे आणि नवा हप्ता तिच्यापेक्षा जास्त. म्हणजे मँडेटही नवीन. एकूण तीन खेपा. पण झालं.

---

कर्जतकर

ताई, अगदी यासाठीच धागा काढला. रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक याच प्रकाराबद्दल आहे आणि जुन्या कर्जांनाही लागू आहे. दर वाढून हप्ता किंवा मुदत बदलणार असेल तर बँकेनं तुम्हाला कळवायचं, आणि हप्ता वाढवणं, मुदत वाढवणं, दोन्ही थोडं थोडं करणं किंवा काही रक्कम एकरकमी भरणं यातलं काय हवं ते तुम्ही सांगायचं. शिवाय दर तिमाहीला स्टेटमेंट मिळायला हवं: आजवर वसूल झालेलं मुद्दल, व्याज, सध्याचा हप्ता, उरलेल्या हप्त्यांची संख्या आणि दर. 'उरलेल्या हप्त्यांची संख्या' ही ओळ तेवढी बघत जा, बाकी नाही वाचलं तरी चालेल.

शाखेत तोंडी बोलू नका, मेल करा. 'मुदत मूळ ठेवून हप्ता सुधारित करावा' एवढं एक वाक्य पुरतं.

---

तळ्यातला बगळा

१९८ उरलेत. ठरले होते २४०, चार वर्षं झाली. म्हणजे १९२ असायला हवेत. सहा जास्त.

---

बोरिवली फास्ट

माझे २४० ठरले होते, तीन वर्षं भरले, उरलेत २६१. 🤦

---

अनुस्वार

उलट्या बाजूनंही लिहा की कुणीतरी. २०२५ मध्ये रेपो ६.५ वरून ५.२५ वर आला, सव्वा टक्का उतरला. आमच्या बँकेनं हप्ता कमी केला नाही म्हणून मी भांडायच्या तयारीत होते. मग बघितलं तर मुदत कमी केलेली. आता प्रश्न असा की हप्ता कमी करून घ्यावा की राहू द्यावा?

---

हिशेबनीस

राहू द्या, अगदी अडचण नसेल तर. आकडे देतो. ५० लाख, २० वर्षं, ८.७५ नं हप्ता ४४,१८६. दर ७.५ झाला आणि हप्ता तोच ठेवला तर २४० ऐवजी १९७-१९८ महिन्यांत कर्ज संपतं. हप्ता कमी करून घेतला तर तो ४०,२८० होतो, पण चालतो पूर्ण २४० महिने. दोन्हींत एकूण भरण्याचा फरक साडेनऊ लाखांच्या आसपास. दर वाढताना मुदत वाढू द्यायची नाही, दर उतरताना मुदत उतरू द्यायची. जगात फुकट मिळणाऱ्या फार थोड्या गोष्टी आहेत, त्यातली ही एक.

फक्त एक बघा, तुमचं कर्ज बँकेचं आहे की हाऊसिंग फायनान्स कंपनीचं? बाहेरच्या बेंचमार्कची सक्ती बँकांना आहे, हाऊसिंग फायनान्स कंपन्यांना नाही. त्या स्वतःच ठरवलेल्या मूळ दरावर, प्राइम लेंडिंग रेटवर चालतात.

---

शेवग्याची शेंग

+१. आमचं कर्ज हाऊसिंग फायनान्सचं. बाहेर होर्डिंगवर नव्या ग्राहकांना दर आमच्यापेक्षा पाऊण टक्क्यानं कमी आणि आम्ही जुने म्हणून वरच्या दरात. फोन केला तर म्हणे 'कन्व्हर्जन फी' भरा, लगेच करून देतो. म्हणजे दर कमी करायची सोय पहिल्यापासून होती, मागितल्याशिवाय द्यायची नाही इतकंच. फी भरली, वर १८ टक्के जीएसटी. तरी परवडलं: ४० लाख बाकी, १५ वर्षं उरलेली असताना दर ९ चा ८.५ झाला तर हप्त्यात ११८१ रुपयांचा फरक पडतो, पंधरा वर्षांत दोन लाख बारा हजारांच्या वर.

दुसरीकडे कर्ज हलवायचं म्हटलं तर प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, महाराष्ट्रात नोटीस ऑफ इंटिमेशन (घर गहाण ठेवल्याची सरकारदरबारी सूचना) पुन्हा, सगळं पहिल्यापासून. कर्जाच्या शेवटच्या चार-पाच वर्षांत तर हलवूच नये, व्याजच फारसं उरलेलं नसतं.

---

डोंबिवलीचा दिनू

दादा, सगळे हप्त्याचंच बोलताय. मी सध्या बुकिंगच्या टप्प्यावर आहे. ६२.५ लाखांचा फ्लॅट, पुण्यात, बांधकाम चालू. बँक ५० देते म्हणतेय. म्हणजे मला साडेबारा उभे करायचे, बरोबर ना?

---

कर्जतकर

नाही रे बाबा, इथंच घोळ होतो. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंतच देऊ शकते आणि त्या किमतीत स्टॅम्प ड्युटी, नोंदणी धरत नाहीत. पुण्यात स्टॅम्प ड्युटी सगळं मिळून ७ टक्के: ४,३७,५००. (पत्नीच्या किंवा आईच्या एकटीच्या नावावर घेतलंस तर एक टक्का सूट.) नोंदणी ३०,०००. बांधकाम चालू म्हणून जीएसटी ५ टक्के: ३,१२,५००. हेच झाले ७ लाख ८० हजार. साडेबारात मिळव, वीस लाख तीस हजार. अजून प्रोसेसिंग फी, वकील, सोसायटीचा आगाऊ मेंटेनन्स, पार्किंगचं काय ठरलंय ते, आणि आत किचन ट्रॉल्या नि ग्रिल बसवायच्यात.

हा वरचा भाग लोक पर्सनल लोननं भरतात. तिथं दर बारा-तेराच्या पुढे. दोन्ही कर्जं मिळून सरासरी दर काढलास तर ८.५ च्या जाहिरातीला अर्थ उरत नाही.

---

माधवी_सांगली

दिनू, विमा पण बघ हं. सँक्शन लेटरवर ५० लाखांच्या खाली बारीक अक्षरांत १.५ लाख 'इन्शुरन्स प्रीमियम' म्हणून जोडलेले असतात आणि हप्ता ५१.५ लाखांवर काढलेला असतो. विचारलं की 'कंपल्सरी आहे मॅडम'. तसा कुठलाही नियम नाही. दीड लाख कर्जातून घेतले की ८.५ नं वीस वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. शिवाय यातल्या बऱ्याच पॉलिसींत कव्हर कर्जाबरोबर कमी होत जातं. साधा टर्म प्लॅन वेगळा घे, त्याचा प्रीमियम वर्षाला भर, कर्ज दुसऱ्या बँकेत नेलंस तरी तो तुझाच राहतो. विमा घ्यायलाच हवा, गळ्यात पडलेला नको.

---

कोथरूडचे अण्णा

प्री-ईएमआयबद्दल कोणी लिहिलं नाही. बांधकाम चालू असताना स्लॅबगणिक बँक पैसे सोडते आणि सोडलेल्या रकमेवर नुसतं व्याज घेते. समजा तीन वर्षं सरासरी २५ लाख सुटलेले आहेत. ८.५ नं ६ लाख ३७ हजार गेले आणि मुद्दलातला एक रुपया कमी झाला नाही. शिवाय त्या तीन वर्षांचं राहत्या घराचं भाडं. ताबा लांबला की दोन्ही मीटर चालू. रेराखाली (बांधकाम व्यवसायावरच्या नियमन कायद्याखाली) उशिराबद्दल बिल्डरकडून व्याज मागता येतं, पण ते हातात पडेपर्यंत बँक थांबत नाही.

ज्याला जमेल त्यानं ओसी (भोगवटा प्रमाणपत्र) मिळालेला फ्लॅट पाहावा, भाव थोडा जास्त असला तरी. जीएसटीही लागत नाही. आमच्या पिढीनं चौदा-पंधरा टक्क्यांनी कर्जं फेडली, पण तेव्हा कर्जाची रक्कम पगाराच्या मानानं लहान असायची, म्हणून निभावलं. तुम्हाला दर अर्धा आहे आणि रक्कम अवाढव्य. कुणाला सोपं गेलं ते तुम्हीच ठरवा.

---

तळ्यातला बगळा

यापेक्षा भाड्यानं राहावं. पुण्यामुंबईत घराच्या किमतीच्या दोन-तीन टक्के भाडं असतं वर्षाला. कर्जावर साडेआठ द्यायचे आणि...

---

अनुस्वार

बगळोबा, नको! भाड्याचं की स्वतःचं, त्याचे तीन धागे शंभरी पार करून बंद झालेत. इथं कर्ज घेतलेल्यांचं चाललंय ते चालू द्या.

---

जर्सीकर

इकडची तऱ्हा वेगळी आहे म्हणून सांगतो. अमेरिकेत आमचं ३० वर्षांचं कर्ज आणि दर तीसही वर्षं तोच. जानेवारी २०२१ मध्ये सरासरी दर २.६५ पर्यंत उतरला होता, ऑक्टोबर २०२३ मध्ये ७.७९ वर गेला. ज्यांनी ३ टक्क्यांनी चार लाख डॉलर घेतले त्यांचा हप्ता १,६८६ डॉलर, तेच ७ नं घेणाऱ्याचा २,६६१. शेजारीशेजारी सारखी घरं, हप्त्यात हजार डॉलरचा फरक. दर उतरला तर रीफायनान्स करता येतं, चढला तर आपल्याला काही फरक नाही. व्याजदराचा धोका इथं कर्जदाराच्या डोक्यावर नसतो, तुमच्याकडे तो पूर्णपणे कर्जदारानं उचललेला आहे. याचा तोटाही आहे: तीन टक्केवाले घर बदलायला तयार नाहीत, त्यामुळे बाजारात घरंच येत नाहीत.

आणि न्यू जर्सीत प्रॉपर्टी टॅक्स इतका की कर्ज फिटल्यावरही दर महिन्याला एक छोटा हप्ता चालूच असल्यासारखं वाटतं.

---

डोंबिवलीचा दिनू

मग मी तीस वर्षांचं घेऊन हप्त्यात वाचणारे ४,९४५ एसआयपीत, म्हणजे दरमहा म्युच्युअल फंडात, टाकू का? ऑफिसात सगळे हेच सांगतात. व्याजापेक्षा म्युच्युअल फंड जास्त देतो, शिवाय टॅक्सही वाचतो.

---

हिशेबनीस

घे पेन. वीस वर्षांनंतर विसाचं कर्ज शून्य असेल, तिसाच्या कर्जात ३१ लाख बाकी असतील. ४,९४५ ची एसआयपी वीस वर्षं केलीस आणि १२ टक्के मिळाले तर ४८.९ लाख जमतील. ३१ लाख फेडून सतरा-अठरा लाख वर, त्यावर थोडा टॅक्स. ७ टक्केच मिळाले तर २५.८ लाख, म्हणजे पाच लाख खिशातून घालायचे. बरोबरी होते ती ८.५ लाच, कर्जाच्या दरालाच. तेव्हा प्रश्न 'फंड जास्त देतो का' एवढाच नाही. प्रीपेमेंटवर ८.५ हमखास मिळतात, तिकडे हमी नाही. आणि एक एसआयपी वीस वर्षं न मोडता चालवलेली माणसं मी व्यवसायात फार थोडी पाहिली. गाडी येते, शाळेची फी येते, बहिणीचं लग्न येतं.

टॅक्सचं: जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला कमाल २ लाखांची वजावट. तुझं पहिल्या वर्षाचं व्याजच ४.२१ लाख, म्हणजे निम्म्याहून जास्त व्याजावर काही मिळत नाही. तीस टक्क्यांच्या स्लॅबमध्ये वाचतात ६२,४००. आणि नव्या करप्रणालीत राहत्या घरासाठी ही वजावट नाहीच. आता बहुतेक पगारदार नव्यात आहेत. कोण कुठल्या प्रणालीत आहे हे न विचारता 'टॅक्स वाचतो' म्हणून सांगणाऱ्याला चहा पाजून घरी पाठव.

---

शेवग्याची शेंग

मधला रस्ता पण आहे दिनू. वीस वर्षांचं घे आणि बोनसमधून वर्षाला एक हप्ता जास्त भर. साधारण साडेतीन वर्षं आधी सुटका आणि दहा-अकरा लाख व्याज कमी. किंवा पगार वाढला की हप्ता दर वर्षी ५ टक्क्यांनी वाढवत ने, बारा वर्षांच्या थोडं पुढेमागे संपतं. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी भरण्याचा दंड घेता येत नाही.

फक्त जादा रक्कम भरताना काउंटरवर सांग: 'मुदत कमी करा, हप्ता नको.' न सांगता भरलेस तर काय होईल ते त्या दिवशी खुर्चीत कोण आहे त्यावर.

---

अनुस्वार

ओव्हरड्राफ्टवालं गृहकर्ज कोणी वापरतं का? जादा पैसे त्यात ठेवायचे, तेवढ्यावर व्याज लागत नाही, हवे तेव्हा काढता येतात.

---

हिशेबनीस

चांगलं आहे, पण दर सहसा थोडा जास्त असतो. ज्याच्याकडे नेहमी चार-सहा लाख पडून असतात त्याला फायदा, व्यवसायवाल्यांना विशेष. ज्याच्या हाताला पैसे दिसले की खाज सुटते त्यानं त्याच्या वाटेला जाऊ नये.

---

बोरिवली फास्ट

बरं, अपडेट देतो. २६१ वाला मी. मेल टाकला होता, हप्ता साडेतीन हजारांनी वाढवून मुदत पूर्वीइतकी करून दिली. मेलच्या उत्तराला आठवडा लागला. बायको म्हणतेय की तीन वर्षांपूर्वी का नाही केलंत. 😀

---

कोथरूडचे अण्णा

छान. आणि कर्ज फिटल्यावर काय, तेही लिहून ठेवतो, कारण तिथंही लोक ढिले पडतात. शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम संपलं नाही. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे की पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायची आणि बोजा उतरवायचा, उशीर बँकेचा असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कर्ज घेतानाच बँकेकडे कोणकोणती मूळ कागदं दिली त्याची यादी सही-शिक्क्यासह घ्या. यादी नसेल तर काय परत मिळालं नाही हे सांगणार कसं?

---

डोंबिवलीचा दिनू

अण्णा, यादी कोण देतं? बँकेचा माणूस फाइल घेऊन गेला, एवढंच आठवतंय.

---

कोथरूडचे अण्णा

अरे, म्हणजे तू कागद दिलेस पण? बुकिंगच्या टप्प्यावर आहेस म्हणालास ना?

---

डोंबिवलीचा दिनू

झेरॉक्स दिल्यात फक्त. मूळ करारनामा नोंदणीनंतर देणार.

---

कोथरूडचे अण्णा

मग ठीक. मूळ करारनामा, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला व्यवहाराचा उतारा) आणि नोंदणीची पावती देशील तेव्हा पोच घे, प्रत्येक कागदाचं नाव आणि पानं लिहिलेली. कर्ज फिटलं की ना-देय दाखला, सर्सैवरून (तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतून) बोजा काढल्याचा पुरावा आणि सोसायटीच्या दप्तरातली बँकेची नोंद कमी करायचं पत्र, हे तिन्ही माग. आणि त्यानंतर दोन महिन्यांनी सिबिल काढून बघ, खातं 'क्लोज्ड' दाखवतंय ना.